फोन न करणाऱ्या गावडेकाकू

गावडेकाकूंनी माझा फोन नंबर घ्यायला साफ नकार दिला, तिथून आमची ओळख सुरू झाली.

माझी बाळंतपणाची रजा संपत आली होती. सई जेमतेम बसायला लागली होती. सासूबाई गुडघ्यांनी बेजार, आई गावाला, नवरा पनवेलला कामाला. लालबागला आमच्या मागच्याच चाळीत दुसऱ्या माळ्यावर एक बाई मुलं सांभाळतात असं कळलं, म्हणून सईला कडेवर घेऊन गेले. काकू दारातच पाय पसरून बसल्या होत्या आणि पायांवर कुणाचं तरी बाळ पालथं घालून त्याची पाठ थोपटत होत्या. बुटक्या, काळ्यासावळ्या, कपाळावर पुसट गोंदण, नऊवारी नव्हे, गाऊन आणि वर ओढणी. मी तयारीनिशी गेले होते. माझा मोबाइल, ऑफिसचा नंबर, नवऱ्याचा नंबर, डॉक्टरांचा नंबर, सगळं एका कागदावर लिहून. कागद पुढे केला तर त्यांनी तो हातातही घेतला नाही.

"माका नंबर नको."

"अहो पण काही झालं तर?"

"काय झालं तर मी बघीन. तुला फोन करून तू काय करणार? तिकडे बसून रडणार, नाहीतर उठून येणार. दोन्हीत तुझं नुकसान. बाई कामावर गेली म्हणजे गेली. संध्याकाळी ये आणि मग आई हो."

मला संताप आला. ही काय पद्धत झाली? घरी येऊन नवऱ्याला म्हटलं, असल्या बाईकडे मी मुलगी ठेवणार नाही. पण लालबाग-परळमध्ये दुसरी सोय कुठली? नव्या टॉवरमध्ये एक पाळणाघर निघालं होतं. तिथे कॅमेरे होते, ऑफिसात बसून मोबाइलवर मूल बघता येई. तिथली फी ऐकून मी पाणीच मागितलं. मग गेले परत काकूंकडे, मुकाट्याने. सईच्या बॅगेच्या आतल्या कप्प्यात तो कागद मात्र गुपचूप सरकवला. नंतर कळलं, सगळ्याच आया तसं करायच्या आणि काकूंना ते ठाऊक असायचं.

पहिल्या दिवशी सईला त्यांच्या हातात दिलं आणि जिन्यावरच माझे पाय अडकले. आतून तिचं रडणं ऐकू येत होतं. काकू दारात आल्या. "तू जा गो. मी आसंय." मी आहे, एवढंच. पुढची चार-साडेचार वर्षं हे वाक्य मी रोज सकाळी ऐकलं. हळूहळू त्याशिवाय जिना उतरताच येईना.

काकूंची खोली म्हणजे एक पलंग, एक कपाट आणि बाकी सगळी फरशी. फरशीवर गोधड्या, तुळईला जुन्या लुगड्याची झोळी. आठ-नऊ मुलं एका वेळी. सकाळी तांदळाची पेज, दुपारी मऊभात, चार वाजता नाचणीचं सत्त्व. प्रत्येक मुलाची झोपायची जागा ठरलेली. दोन वर्षांचं पोरसुद्धा डोळे चोळत आपल्याच जागेवर जाऊन आडवं व्हायचं. काकू कधी मोठ्याने ओरडायच्या नाहीत. मुलं फार कलकलाट करायला लागली की म्हणायच्या, "हळू रे, तुमच्या आया कामावर आहेत ना!" जसं काही आम्ही पलीकडच्या खोलीतच बसून काम करतोय. गंमत म्हणजे मुलं खरंच गप्प व्हायची.

फोनचं हे प्रकरण काय होतं, ते त्यांनी मला एकदा लसूण सोलता सोलता सांगितलं. नवरा लवकर गेला. एक मुलगी, लता. काकू रे रोडला औषधांच्या कंपनीत गोळ्या भरण्याच्या खात्यात होत्या. रोजंदारीवर, पण कायम करण्याचं बोलणं चाललं होतं. लताला शेजारणीकडे ठेवायच्या. शेजारीण चांगली, पण घाबरट. पोरगी जेवली नाही, फोन. पडली, फोन. अंग कोमट लागलं, फोन. कंपनीत एकच फोन, सुपरवायझरच्या टेबलावर. तो सगळ्या बायकांसमोर मोठ्याने हाक मारायचा, "गावडे, तुझ्या राजकुमारीचा फोन!" बायका हसायच्या. पुढे कायम करायच्या बायकांची नावं निघाली, त्यात यांचं नाव नव्हतं. मग कामच बंद झालं.

"लताला काय झालं होतं माहीत आहे? काही नाही! एकदा पण काही नव्हतं!" काकू हातातली पाकळी टाकून म्हणाल्या. "दुसऱ्या बाईच्या घाबरटपणात माझी नोकरी गेली. तेव्हाच ठरवलं, मी पोरं सांभाळीन, पण कुणाच्या आईला फोन करूचो नाय."

हे ऐकल्यावर माझा राग गेला. राग कसला, उलट मी त्यांची भक्तच झाले. कारण माझं ऑफिस. लोअर परळच्या टॉवरमधली जपानी कंपनी, मी हिशेबाच्या खात्यात. बाकी सगळं चकाचक, पण साहेब खुर्चीवरून उठल्याशिवाय कुणी उठायचं नाही, असा न सांगितलेला कायदा. बाईमाणसाचा फोन वाजला की चार माना वळायच्या. लग्न झालेल्या, मूल असलेल्या मुलीबद्दल एक शब्द ठरलेला होता, 'हिचं लक्ष नसतं.' माझा फोन दिवसभरात कधी वाजायचाच नाही. साहेब एकदा कौतुकाने म्हणाले, "तुम्हाला मूल आहे असं वाटतच नाही." मी हसले. हसायचं की रडायचं तेच कळलं नव्हतं खरं तर.

आमच्याकडे टोकियोहून वर्षभरासाठी एक बाई आल्या होत्या. हारुका-सान. माझ्यापेक्षा हुद्द्याने कितीतरी वर, इंजिनियर. पण त्यांच्याकडचे पाहुणे आले की या बाई मीटिंगमधून उठून चहा ओतायला लागायच्या. आमचा शिपाई ट्रे घेऊन उभा आणि या ओतताहेत! मी एकदा न राहवून विचारलं, तर म्हणाल्या, "माझे हातच उठतात. नोकरीला लागले तेव्हापासूनची सवय." सईच्या पाळणाघरातून कधीच फोन येत नाही, हे मी त्यांना सांगितलं तेव्हा त्यांचा विश्वासच बसेना. मला ते बघायचंय, म्हणाल्या. एका शनिवारी मी त्यांना चाळीत घेऊन गेले.

हारुका-सान चपला काढून, कुणी न सांगता गुडघे मोडून फरशीवर बसल्या. मुलं भोवती गोळा झाली. एकाने त्यांचे केस ओढून पाहिले. काकूंनी वाटीत पेज दिली, वर लोणच्याची फोड. त्यांनी ती शेवटच्या थेंबापर्यंत प्यायली आणि म्हणाल्या, आमच्याकडे आजारी पडलं की हेच देतात. मी मध्ये बसून इकडचं तिकडे सांगत होते.

"हिका पोरां किती?" काकूंनी विचारलं.

एक मुलगी. तिथल्या पाळणाघराचा नियम होता, मुलाचं अंग जरा गरम लागलं की आईला फोन, आणि आईने लगेच येऊन मूल न्यायचं. फोन येत राहिले. शेवटी वरच्या साहेबांनी अगदी मऊ आवाजात विचारलं, घर सांभाळायचंय की काम? कुणी मुलीच्या बापाला फोन केला नाही, कुणी त्याला विचारलंही नाही. हारुका-साननी मुलीला समुद्रकाठच्या गावी आपल्या आईकडे ठेवलं. आता मुलगी आजीलाच आई म्हणते, आणि यांना नावाने हाक मारते.

मी हे मराठीत सांगेपर्यंत काकूंचा चेहरा उतरला. "एवढ्या मोठ्या देशात पण तोच फोन?" असं म्हणून त्या बराच वेळ हारुका-सानच्या पाठीवरून हात फिरवत राहिल्या. मला म्हणाल्या, "हिका सांग, पोरीला इकडे घेऊन ये. मी आसंय." मी सांगितलं. हारुका-सान उठल्या आणि कमरेत वाकून असा नमस्कार केला की काकू लाजून मागे सरकल्या. "अगो, माझ्या पाया काय पडते ही!" नंतर कितीतरी दिवस त्या मला विचारायच्या, तुमच्या जपानीणबाईने पोरीला आणलं काय गो? त्यांनी आणलं नाही. वर्ष संपलं आणि त्या एकट्या आल्या तशा एकट्या परत गेल्या.

त्यानंतर स्नेहलचं झालं.

स्नेहल काकूंकडे येणाऱ्या आम्हा आयांमधली सगळ्यात लहान. नवरा सोडून गेलेला, घरात सासू आणि लहानगा ओम. मॉलमध्ये लिपस्टिक-पावडरीच्या दुकानात उभ्याने दिवस काढायची. तिथे कामावर चढताना मुलींचे मोबाइल कुलपात ठेवून घेतात. बसायला स्टूल नाही. पाय सुजायचे तिचे, संध्याकाळी काकूंच्या दारात येऊन आधी पाच मिनिटं भिंतीला पाय वर करून पडायची आणि मग ओमला घ्यायची. काकू तिला गूळपाणी द्यायच्या. "नटी आली गो माझी," म्हणायच्या. दिवसभराचा रंग तिच्या तोंडावर तसाच असायचा.

एका दुपारी ओमला सणसणून ताप भरला आणि आकडी आली. डोळे वर गेले, दातखीळ बसली. काकूंनी बाकीची मुलं शेजारी दिली आणि त्याला उचलून कोपऱ्यावरच्या नर्सिंग होममध्ये नेलं. डॉक्टरांनी इंजेक्शन दिलं. म्हणाले, ठेवून घ्यावं लागेल, पण घरच्यांच्या सहीशिवाय घेता येणार नाही, आईला बोलवा. बॅगेतल्या कागदावरचा नंबर लावला तर तो बंद. सासूला ऐकू कमी, फोन उचलायचीच नाही. काकूंचा धीर सुटला. टॅक्सी केली आणि गाऊनवर, पायात घरातली स्लिपर, ओमला खांद्यावर टाकून त्या थेट मॉलमध्ये गेल्या. दारावरचा वॉचमन सोडेना. त्याच्याशी भांडून आत घुसल्या. चकाकणाऱ्या फरशीवरून "स्नेहल! अगो स्नेहल!" अशा हाका मारत त्या दुकान शोधत गेल्या. गिऱ्हाइकं बघत राहिली. ओमने त्या दुकानाच्या काचेच्या काउंटरपुढेच उलटी केली.

स्नेहल पोराला घेऊन धावत सुटली ती परवानगी न घेताच. ओम वाचला. दोन दिवसांत बरा होऊन झोळीत उड्या मारायला लागला. स्नेहलला मात्र दुकानाने परत घेतलं नाही. गिऱ्हाइकांसमोर तमाशा झाला, दुकानाचं नाव खराब झालं, म्हणे. तिने हातापाया पडून पाहिलं. जवळपास काही मिळेना. शेवटी भिवंडीकडे, ऑनलाइन मागवलेल्या वस्तूंची खोकी भरायच्या गोदामात लागली. इथलं घर सोडून सासूला आणि ओमला घेऊन तिकडेच गेली. ओमला सांभाळायला तिकडे कोण होतं, देव जाणे.

आम्ही सगळ्या काकूंना समजावत होतो. अहो, तुम्ही पोराचा जीव वाचवलात. स्नेहलने स्वतः जाताना त्यांच्या गळ्यात पडून तेच सांगितलं. पण काकूंच्या डोक्यात भलतंच बसलं होतं. एका संध्याकाळी सईला माझ्याकडे देता देता त्या एकदम म्हणाल्या, "मनीषा, मी त्या डॉक्टरला आजी आहे म्हणून सांगितलं असतं तर? सही मीच केली असती. कोण विचारणार होता?"

"काकू, तुम्ही नका ना असा विचार करू."

"माका खोटा बोलूक सुचला नाय गो. एवढंसं खोटं. तेवढं सुचलं असतं तर पोरीची नोकरी राहिली असती."

मी सईच्या पायात बूट घालत बसले. त्या दिवसापासून काकूंचं हसणं कमी झालं. ओमची जागा त्यांनी दुसऱ्या मुलाला दिली नाही, तिथे गोधडीची घडी ठेवली. मुलांना काही लागलं-खुपलं की आता त्या स्वतःच डॉक्टरकडे न्यायच्या आणि बेधडक सांगायच्या, मी आजी. आम्हाला संध्याकाळी कळायचं. त्यांना आम्ही एकदा म्हटलं, आता वय झालं, मुलं कमी करा, चाळ तर पाडायलाच काढलीय, लताकडे सावंतवाडीला जा. "आणि तुम्ही?" त्या म्हणाल्या. खरं सांगायचं तर आम्हाला त्या जायला नकोच होत्या.

मार्च अखेरचे दिवस होते. हिशेबाच्या खात्यात मार्च म्हणजे काय असतो, ते ज्याने भोगलंय त्यालाच ठाऊक. त्या दिवशी साहेब उठले तेव्हा अंधार पडला होता. मी धावतपळत चाळीत आले. बाकी सगळ्या आया दारातूनच आपापली मुलं घेऊन गेल्या होत्या, सई एकटीच दारात चित्र काढत बसली होती. काकू आत भिंतीला टेकून. चेहरा राखेसारखा, गाऊन घामाने चिंब, एक हात छातीशी.

"काकू! काय होतंय?"

"पित्त झालंय. ओवा खाल्ला मी." आवाज खोल गेला होता. मग त्यांनी विचारलं, "कोणाचा पोर रवला नाय मा?"

"कोणी नाही. सईच शेवटची."

त्यांनी डोळे मिटले. "मग आता माका हॉस्पिटलात घेवन चल."

शेजारच्या दोघांनी त्यांना खुर्चीवर बसवून खाली आणलं. टॅक्सीत काकूंचं डोकं माझ्या खांद्यावर, सई माझ्या मांडीवर. परळ काही लांब नाही, पण त्या दिवशी रस्ता सरेना. कधीपासून दुखतंय, विचारलं. उत्तर सईने दिलं. "काकूने दुपारी भात नाही केला. बिस्किटं दिली. मग ती खाली झोपली आणि म्हणाली, आज मी बाळ आणि तुम्ही आई. आम्ही तिला थोपटलं."

माझा बांध फुटला. मी त्यांच्यावर ओरडलेच. "दुपारपासून? आणि एक फोन करता आला नाही तुम्हाला? शेजारी कुणाला हाक तरी मारायची!"

"शेजाऱ्यांनी तुम्हाला फोन केले असते." एकेक शब्द सुटा येत होता. "एकीक करून भागला नसता. सगळ्यांनाच उठून यावं लागलं असतं. स्नेहलचं झालं तेवढं पुरे."

"आमच्या नोकऱ्या काय तुमच्या जिवापेक्षा मोठ्या होत्या?"

त्यांनी माझा हात दाबला. मला आज वाटतं, त्यांच्याकडे उत्तर होतं आणि ते 'हो' असं होतं.

हॉस्पिटलमधल्या तरुण डॉक्टरीणबाईंनी ईसीजीची पट्टी बघितली आणि माझ्याकडे वळून म्हणाल्या, "दुपारचा अटॅक आहे, आणि तुम्ही आत्ता आणताय?" काकू पहाट व्हायच्या आधीच गेल्या.

लता गावाहून निघाली होती, तिला यायला वेळ लागणार होता. तोवर काकूंना त्यांच्याच खोलीत, फरशीवर आणून ठेवलं. मी सकाळी सगळ्या आयांना कळवायचं ठरवलं होतं, पण हातून झालं नाही. त्यामुळे एकेक जण रोजच्या वेळेला, मूल कडेवर, डबा खांद्याला, कामाच्या कपड्यांत जिना चढून आली आणि दारात थिजली. बँकेतली, शाळेतली, केईएमच्या बाजूला केमिस्टकडे बसणारी. मुलं मात्र थिजली नाहीत. त्यांनी सवयीने चपला काढल्या आणि आत गेली. सगळ्यात धाकटा, नुकताच चालायला लागलेला, तो काकूंच्या शेजारी आपल्या जागेवर जाऊन आडवा झाला. त्याची आई त्याला उचलायला वाकली आणि तिथेच मटकन बसली.

सगळ्यांनी कामावर फोन केले. पलीकडून प्रत्येकीला तोच प्रश्न, कोण गेलं, तुमच्या नात्यातलं का? बँकेतली म्हणाली, आत्या. शाळेतली म्हणाली, सासू. माझ्या साहेबांनी मला विचारलं तेव्हा मी म्हटलं, आई गेली. माझी आई गावाला धडधाकट होती. पण मला ते खोटं वाटलं नाही.

पुरुष मंडळी जमली. बांबू आले, मडकं आलं. चाळीतले एक म्हातारे तात्या सगळं नियमाने व्हावं म्हणून इकडेतिकडे बघत होते. प्रत्येक बाईच्या कडेवर एक मूल, पायाशी एक मूल, खोलीत नुसता चिवचिवाट. ते वैतागले.

"अगो बायांनो, मयतीच्या घरात एवढी लहान पोरं कशाला आणलात? जा, आधी त्यांना कुणाकडे तरी ठेवून या."

एकही बाई जागची हलली नाही.